निवडणूक निकालाविरुद्ध कोर्टात जाणं: आम्ही गेलो नाही, चुकलं का?

माळावरचा (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी. बरेच महिने हा विषय डोक्यात घोळतोय, शेवटी धागा काढला.

गेल्या विधानसभेला मी आमच्या गावच्या बूथवर एका अपक्षाचा पोलिंग एजंट होतो. मतदारसंघाचं आणि माणसांचं नाव घेत नाही. कत्तलीच्या रात्री, म्हणजे मतदानाच्या आदल्या रात्री, साडेअकराच्या सुमारास वरच्या आळीत दोन मोटारसायकली आल्या. एकाच्या हातात मतदारयादीची झेरॉक्स, दुसऱ्याच्या पोटाशी शाळेचं दप्तर. यादीत घरातली मतं मोजायची, पेनाने टिक करायची आणि तेवढी पाकिटं द्यायची. चुलतीने हात पुढे केला नाही, तर तुळशीच्या कट्ट्यावर ठेवून गेले. आतेभावाने माडीवरून मोबाईलवर व्हिडिओ काढला. आमचा माणूस थोडक्यात पडला.

निकालानंतर आठवडाभर आम्ही आठ-दहा जण रोज रात्री बसायचो. हायकोर्टात जायचं ठरत आलं होतं. मग तालुक्यातले एक जाणते म्हणाले, "पाच वर्षं तारखा पडतील, पदरात काही नाही, वर गावात दुश्मनी." उमेदवाराकडे पैसाही उरला नव्हता. विषय तिथेच मिटला, पण माझ्या मनातून गेला नाही.

भ्रष्ट मार्गाने जिंकलेली निवडणूक कोर्टात खरंच रद्द होते का? कुणाची झाली आहे? आणि आम्ही गेलो नाही, हे चुकलं का?

कोरडवाहू

तुमचे जाणते बरोबर बोलले. आमच्याकडे तर दोन्ही बाजूंनी वाटतात. कोण कुणावर केस करणार?

शिवारफेरी

आमच्या आजीकडे एकाच रात्री तीन पक्षांची पाकिटं आली. सकाळी उठून तिन्ही मारुतीच्या पेटीत टाकली आणि मग मतदानाला गेली. पुजारी सांगत होता, एवढी पेटी हनुमान जयंतीलाही भरत नाही. :)

सनद२००१

मी वकिली करतो, निवडणूक याचिकांवर ज्येष्ठांच्या हाताखाली काम केलंय. नीट सांगतो.

लोकप्रतिनिधित्व कायदा, १९५१. कलम १२३ मध्ये भ्रष्ट आचरणांची यादी आहे: लाच, धाकदपटशा, धर्म-जात-भाषेच्या नावाने मतं मागणं, समाजात द्वेष पसरवणं, उमेदवाराच्या चारित्र्याबद्दल खोटं छापणं किंवा बोलणं, मतदारांना फुकट गाडीतून केंद्रावर नेणं, मर्यादेबाहेर खर्च, सरकारी नोकर प्रचाराला लावणं, बूथ ताब्यात घेणं. यातलं एक जरी विजयी उमेदवाराने, त्याच्या निवडणूक प्रतिनिधीने किंवा त्यांच्या संमतीने कुणी केलं असं सिद्ध झालं, तरी कलम १०० खाली निवडणूक रद्द. किती मतांवर परिणाम झाला हे तेव्हा दाखवावं लागत नाही. एक पाकीटही पुरतं, एक लाखाची आघाडी असली तरी.

अडचण "संमती" या शब्दात आहे. मोटारसायकलवरचा पोरगा उमेदवाराच्या संमतीने आला होता, हे सिद्ध कसं करणार? तो नुसता कार्यकर्ता निघाला, तर निकालावर प्रत्यक्ष परिणाम झाला हेही दाखवावं लागतं, आणि ते जवळपास अशक्य. शिवाय भ्रष्ट आचरणाचा आरोप हा फौजदारी गुन्ह्यासारखा मानतात. संशयाला जागा राहता कामा नये. कुणी, कुणाला, कुठे, किती वाजता, किती रुपये, हे सगळं याचिकेतच लिहावं लागतं, आणि सोबत वेगळं प्रतिज्ञापत्र.

मुदत निकालापासून ४५ दिवस. एक दिवस उशीर झाला तरी माफी नाही. कोर्टात अनामत २,००० रुपये. आणि माळावरचा, हे तुम्हाला कुणी सांगितलं नसेल: याचिका करायला उमेदवारच लागतो असं नाही. त्या मतदारसंघातला कुठलाही मतदार करू शकतो.

माळावरचा

म्हणजे मी स्वतः करू शकलो असतो?

सनद२००१

हो.

दादरची

झालेली आहे, आणि आमच्या डोळ्यांसमोर झालेली आहे. १९८७ ची पार्ल्याची पोटनिवडणूक. मी तेव्हा पार्ल्यात शाळेत होते. १३ डिसेंबरला मतदान. शिवसेनेचे डॉ. रमेश प्रभू निवडून आले, काँग्रेसचे प्रभाकर कुंटे हरले आणि कोर्टात गेले. मुद्दा एकच: बाळासाहेब ठाकरे यांनी प्रचारसभांतून हिंदू म्हणून मतं मागितली. एप्रिल १९८९ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने निवडणूक रद्द केली. सर्वोच्च न्यायालयाने ११ डिसेंबर १९९५ रोजी तो निकाल कायम केला. नुसत्या प्रभूंवर भागलं नाही, बाळासाहेबांचा मतदानाचा हक्क सहा वर्षांसाठी गेला. १९९९ च्या निवडणुकीत त्यांना मत देता आलं नाही. त्यामुळे "मोठ्या माणसांना काही होत नाही" हे मला पटत नाही.

कोरडवाहू

दादरची, तारखा पुन्हा वाचा. निवडणूक १९८७, शेवटचा निकाल १९९५. ती विधानसभा १९९० मध्येच संपली होती. मतदानाचा हक्क काढल्याचा आदेश तर १९९९ चा. माझा मुद्दा तुम्हीच सिद्ध केलात.

दादरची

हायकोर्टाने सव्वा वर्षात निकाल दिला होता, तेही धरा ना. वेळ अपिलात गेला.

ओसरी

त्याच दिवशी, ११ डिसेंबर १९९५ ला, मनोहर जोशींचाही निकाल लागला होता. ते तेव्हा मुख्यमंत्री होते. १९९० ची त्यांची दादरची निवडणूक हायकोर्टाने रद्द केली होती, कारण पहिलं हिंदू राज्य महाराष्ट्रात होईल असं ते सभेत म्हणाले होते. न्या. वर्मांच्या खंडपीठाने म्हटलं की हे कितीही तिरस्करणीय वाटलं तरी ती फार तर एक आशा आहे, धर्माच्या नावावर मत मागणं नव्हे. जोशी सुटले. एकाच दिवशी, एकाच पीठासमोर, एक पडला आणि एक वाचला. फरक होता तो नेमक्या उच्चारलेल्या शब्दांचा. हिंदुत्व म्हणजे जीवनपद्धती, हे वाक्य गाजलं तेही याच निकालांतून. पण त्याच निकालात प्रभूंची निवडणूक रद्द राहिली होती, हे सोयीस्करपणे विसरलं जातं.

शिवारफेरी

आता इथून हिंदुत्वावर दोनशे प्रतिसाद होतील. कृपा करून नको, धागा चांगला चाललाय.

ओसरी

अनुमोदन. फक्त एक जोडतो. सांताक्रूझचे अभिराम सिंह यांची १९९० ची निवडणूकही हायकोर्टाने रद्द केली होती. त्या प्रकरणातला कायद्याचा प्रश्न सात न्यायाधीशांपुढे जाऊन २ जानेवारी २०१७ ला सुटला, चार विरुद्ध तीन. उमेदवाराचाच नव्हे, मतदाराचा धर्म, जात, भाषा यांच्या नावानेही मत मागता येणार नाही असं ठरलं. १९९० ते २०१७. या हिशेबात कोरडवाहूंचं दुखणं खरं आहे.

पाटाचं पाणी

नगरकर इथे हजर. आमचा १९९१ चा खटला विसरून कसं चालेल! लोकसभेला यशवंतराव गडाख निवडून आले, बाळासाहेब विखे पाटील हरले आणि औरंगाबाद खंडपीठात गेले. मुद्दा विखेंबद्दल सभांतून केलेल्या खोट्या आरोपांचा. गडाखांची निवडणूक रद्द झाली आणि हायकोर्टाने शरद पवारांवरही ठपका ठेवला. नोव्हेंबर १९९३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने गडाखांची निवडणूक रद्दच ठेवली, पवारांवरचा ठपका मात्र काढला. लोकसभा १९९६ पर्यंत होती, म्हणजे मुदतीच्या आत निकाल लागला. चहाच्या टपरीवर तेव्हा दुसरा विषय नसायचा. लोक कलमांचे आकडे पाठ म्हणायचे, एकशे तेवीस-चार!

आता घरातली गोष्ट. माझे वडील अशाच एका निवडणूक याचिकेत साक्षीदार होते (हा खटला नाही, दुसरा, नाव सांगत नाही). त्यांनी सभा ऐकली होती, एवढंच. समन्स आल्यावर आईने दोन दिवस चूल नीट पेटवली नाही. पहाटेच्या एसटीने गेले, पांढरा शर्ट इस्त्री करून. उलटतपासणी दीड दिवस चालली. स्टेजवर किती खुर्च्या होत्या? माइकला कापड गुंडाळलेलं होतं का? तुम्ही कुठे उभे होतात, तिथून वक्त्याचा चेहरा दिसत होता की पाठ? लाईट गेली होती का? ते वाक्य बोलले तेव्हा आधी टाळ्या पडल्या की नंतर? वडिलांनी खरं सांगितलं की खुर्च्या आठवत नाहीत. समोरचा वकील म्हणाला, खुर्च्या आठवत नाहीत आणि वाक्य शब्दाला शब्द आठवतं? वडील म्हणाले, "साहेब, खुर्च्या मोजायला गेलो नव्हतो, भाषण ऐकायला गेलो होतो." आख्खं कोर्ट हसलं, पण याचिका फेटाळली गेली.

गावात दोन वर्षं आम्हाला पाटाच्या पाण्याची पाळी रात्रीचीच यायची. म्हणून हे नाव घेतलंय.

माळावरचा

हे वाचून थांबलो जरा. वडिलांना नंतर कधी पश्चात्ताप झाला का?

पाटाचं पाणी

नाही. समन्सचा कागद अजून ट्रंकेत आहे, सातबाऱ्यांच्या फाइलमध्ये.

मँचेस्टरकर

मी पंधरा-सोळा वर्षं इथे आहे. शेजारच्या ओल्डहॅम भागात २०१० मध्ये हेच झालं. फिल वूलस नावाचे लेबर खासदार १०३ मतांनी निवडून आले. प्रतिस्पर्ध्याबद्दल पत्रकांतून खोटी विधानं केली म्हणून ते प्रतिस्पर्धी निवडणूक न्यायालयात गेले. मे महिन्यात मतदान, ५ नोव्हेंबरला निवडणूक रद्द, जानेवारी २०११ मध्ये पोटनिवडणूकही होऊन गेली. आणि दोन न्यायाधीश लंडनहून येऊन त्याच मतदारसंघातल्या एका सभागृहात बसले होते! साक्षीदारांना लांब जावं लागलं नाही. पोटनिवडणूक पुन्हा लेबरनेच जिंकली, फक्त उमेदवार दुसरा. खोटं बोलण्याची शिक्षा त्या माणसाला झाली आणि लोकांचा कौलही शाबूत राहिला.

कोरडवाहू

आठ महिन्यांत सगळं?? आमच्या कायद्यात काही मुदत आहे की नाही?

सनद२००१

आहे. कलम ८६ म्हणतं की सुनावणी शक्यतो रोज चालवा आणि सहा महिन्यांत संपवायचा प्रयत्न करा. "प्रयत्न करा" असं लिहिलंय, म्हणून पाळलं जात नाही. मला स्वतःला याचा मनापासून संताप येतो. ४५ दिवसांची मुदत नागरिकावर इतकी कडक, की सेहेचाळिसाव्या दिवशी दार बंद. कोर्टाच्या सहा महिन्यांना मात्र कसलंच कुंपण नाही.

जालन्याचं उदाहरण घ्या. २०१४ ला अर्जुन खोतकर २९६ मतांनी जिंकले, कैलास गोरंट्याल हरले. तिथे भ्रष्ट आचरण नव्हतं, उमेदवारी अर्ज दुपारी तीननंतर दिला एवढाच मुद्दा. हायकोर्टाने नोव्हेंबर २०१७ मध्ये निवडणूक रद्द केली, सर्वोच्च न्यायालयाने स्थगिती दिली, खोतकरांनी मुदत पूर्ण केली. २०१९ ला गोरंट्याल मतदारांकडूनच निवडून आले, आणि मग जुलै २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हायकोर्टाचा निकाल बरोबर ठरवला.

ओसरी

मला दुसरी बाजू मांडायची आहे. लाखो लोकांनी रांगेत उभं राहून दिलेला निकाल एका साक्षीदाराच्या शब्दावर उलटू नये, म्हणून पुरावा कडक मागतात. नाहीतर प्रत्येक हरलेला माणूस चार साक्षीदार उभे करेल.

इंदिरा गांधींच्या रायबरेलीचाच निकाल बघा. सगळ्यांना १२ जून १९७५ ही तारीख आठवते, पण राजनारायण यांचे कोणते आरोप टिकले आणि कोणते पडले हे फार कमी लोक सांगतात. ब्लँकेटं, धोतरं, दारू वाटल्याचा आरोप पडला. फुकट वाहनांचा पडला. जादा खर्चाचा पडला. गाय-वासरू हे धार्मिक चिन्ह असल्याचा पडला. टिकले दोनच. यशपाल कपूर सरकारी नोकरीत असतानाच प्रचाराचं काम करत होते हा एक, आणि उत्तर प्रदेशच्या अधिकाऱ्यांनी सभांची व्यासपीठं आणि लाउडस्पीकरची वीज यांची सोय केली हा दुसरा. न्या. जगमोहनलाल सिन्हांनी एवढ्यावर पंतप्रधानांची निवडणूक रद्द केली, आघाडी एक लाखाच्या वर असताना.

का टिकले? कारण राजीनाम्याची तारीख कागदावर होती. अधिकाऱ्यांचे आदेश कागदावर होते. ब्लँकेट मिळालं म्हणणारा आणि मिळालं नाही म्हणणारा, दोघेही कोर्टात सारखेच उभे राहतात.

दादरची

आणि नंतर कायदाच मागच्या तारखेपासून बदलला, हेही सांगा.

ओसरी

हो. आणीबाणीत ऑगस्ट १९७५ मध्ये निवडणूक कायदा पूर्वलक्षी प्रभावाने बदलला, ३९ वी घटनादुरुस्ती करून पंतप्रधानांची निवडणूक कोर्टाच्या कक्षेबाहेर नेली. सर्वोच्च न्यायालयाने ७ नोव्हेंबरला त्या दुरुस्तीतलं ते कलम रद्द केलं, पण बदललेल्या कायद्यामुळे इंदिराबाईंची निवडणूक वाचली.

शिवारफेरी

अवांतर प्रश्न. निवडणुकीच्या तोंडावर सरकारी योजनेतून खात्यात पैसे टाकणं ही लाच नाही का? तुळशीच्या कट्ट्यावरचं पाकीट लाच, आणि हे नाही?

सनद२००१

२०१३ मध्ये तामिळनाडूच्या टीव्ही-मिक्सर वाटपाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की जाहीरनाम्यातली आश्वासनं कलम १२३ खाली भ्रष्ट आचरण ठरत नाहीत. त्यामुळे आज उत्तर "नाही" असंच आहे. पटत नसेल तर तुम्ही एकटे नाही.

कोरडवाहू

खर्चाचं काय? विधानसभेला मर्यादा ४० लाख. आमच्या तालुक्यात एका दिवसाच्या जेवणावळीत... जाऊ द्या. २००९ ला भोकरला अशोक चव्हाणांच्या विरोधातली तक्रार आठवते? पानंच्या पानं पुरवण्या छापून आल्या, आणि खर्चाच्या हिशेबात वर्तमानपत्रातल्या जाहिरातींचे ५,३७९ रुपये. जुलै २०१४ मध्ये निवडणूक आयोगाने हिशेब नियमानुसार नाही म्हटलं, सप्टेंबरमध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने आयोगाचा आदेश रद्द केला. विषय संपला.

सनद२००१

ते प्रकरण निवडणूक याचिकेचं नव्हतं, आयोगापुढच्या हिशेबाचं होतं. पण तुमचा मुद्दा कळतो. पैशाचा माग काढणं सगळ्यात अवघड.

जुनी_टंकलेखिका

मी बावीस वर्षं एका वकिलांच्या ऑफिसात टायपिंग केलं, त्यातल्या सात-आठ निवडणूक याचिका असतील. प्रत्येक प्रतिवादीसाठी वेगळी प्रत, आणि प्रत्येक प्रतीवर याचिकाकर्त्याने स्वतः "खरी प्रत" असं प्रमाणित करून सही करायची. एकदा रात्री दोन वाजेपर्यंत आम्ही तिघी पानं लावत होतो. याचिकाकर्ते सह्या करून करून इतके थकले की सही बदलायला लागली. साहेबांनी त्यांना चहा दिला, अर्धा तास झोपवलं आणि पुन्हा उठवलं. चव्वेचाळिसावा दिवस होता. मुख्य खटला उभा राहायच्या आधी किती याचिका या कागदांवरूनच पडतात, ते मी पाहिलंय. तपशील नाही, प्रतिज्ञापत्र नमुन्यात नाही, पान राहिलं. माळावरचा, तुमची याचिका टिकली असती असं मी खोटं सांगणार नाही. पण तुम्हाला मुदत आणि हक्क दोन्ही कुणी सांगितले नाहीत, हे मला लागलं.

माळावरचा

सगळ्यांचे आभार. काल आतेभावाला फोन केला. सनद साहेब, व्हिडिओ अजून व्हॉट्सअॅपवर आहे, पण ज्या मोबाईलवर काढला तो त्याने दिवाळीत बदलून टाकला.

सनद२००१

मग पुरावा म्हणून तो फार दुबळा झाला असता. मूळ उपकरण कोर्टात आणता आलं तर उत्तम, नाहीतर कॉपीसोबत प्रमाणपत्र लागतं. आधी पुरावा कायद्याचं कलम ६५ब होतं, १ जुलै २०२४ पासून नव्या साक्ष अधिनियमात कलम ६३. वर सांगितलेल्या जालन्याच्या खटल्याचा निकाल सगळ्या देशात वाचला जातो तो याच प्रमाणपत्रासाठी. उलट मुंबईत कुंभारवाड्याच्या १९७२ च्या निवडणुकीत बुखारींविरुद्ध सभांच्या टेप चालल्या, कारण त्या पोलिसांनी काढून जपून ठेवल्या होत्या. १९७५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती निवडणूक रद्दच ठेवली. पुरावा त्रयस्थाच्या ताब्यात असेल तर त्याचं वजन वेगळं. म्हणून त्याच रात्री निवडणूक आयोगाच्या सी-व्हिजिल अॅपवर तक्रार टाका, भरारी पथकाला फोन करा, पंचनामा मागा. नंतर तोच कागद तुमच्या बाजूने बोलतो.

माळावरचा

मूळ प्रश्नाचं उत्तर मला मिळालं. आमची याचिका बहुतेक टिकली नसती. तरी आम्ही चुकलोच, पण कत्तलीच्या रात्री. व्हिडिओ काढला आणि ग्रुपवर टाकून झोपलो. कुणाला फोन केला नाही, वेळ लिहिली नाही, गाडीचा नंबर लिहिला नाही. चुलतीने ते पाकीट दुसऱ्या दिवशी घंटागाडीत टाकलं, आम्ही कुणी अडवलं नाही.

आता ग्रामपंचायत येईल. तिथे कसं असतं?

सनद२००१

ग्रामपंचायतीला हायकोर्ट नाही, तालुक्याचं दिवाणी न्यायालय. ग्रामपंचायत अधिनियमाचं कलम १५. मुदत निकालापासून फक्त १५ दिवस.

कोरडवाहू

पंधराच? मग निकालाच्या आधीच वही तयार पाहिजे. आमच्याही गावाची निवडणूक तेव्हाच असेल. मी अजूनही म्हणतो कोर्ट उशीर करतं. पण वही लिहायला माझी ना नाही.

पाटाचं पाणी

वहीत खुर्च्याही मोजून लिहा.

माळावरचा

लिहितो. दोनशे पानी वही आणली आहे. रकाने आखलेत: तारीख, वेळ, जागा, कोण, कुणाला, किती, कुणी पाहिलं, गाडी नंबर. चुलती म्हणाली, तिचं नाव "कुणी पाहिलं" मध्ये बिनधास्त लिहा.

जुनी_टंकलेखिका

शेवटी "लगेच कुणाला कळवलं" असा एक रकाना वाढवा. आणि वेळ आलीच तर निकालाच्या दिवशीच मला व्यनि (व्यक्तिगत निरोप) करा, पंधराव्या दिवशी नको. मराठी टायपिंग मी अजून करते, पैसे घेणार नाही.